मदत हवी आहे : चष्मेवाल्यांशी स्पर्धा असलेला ‘अमेरिकन पाय’ पिक्चर कितवा?

रात्रपाळी : अर्जंट आहे. शनिवारी हॉस्टेलचे रूममेट पंधरा वर्षांनी जमतोय आणि दाराच्या फटीला टॉवेल कोंबून बघितलेला तोच पिक्चर लावायचाय. स्टिफलर नावाचं वात्रट कार्टं आहे, दोन हाऊसची स्पर्धा आहे, एकीकडे टवाळ पोरं, समोर सगळे चष्मेवाले. काल रीयुनियन लावला, तो नाही. गूगल करा म्हणू नका, नुसती पोस्टरं येतात आणि मागे आई बसलेली असते.

बोकोबा : चष्मेवाले म्हणजे रिव्हेंज ऑफ द नर्ड्स, १९८४. डोळे झाकून सांगतो.

रात्रपाळी : अहो स्टिफलर म्हटलं ना वर

जुनी_कॅसेट : या सगळ्यांचा बाप अ‍ॅनिमल हाऊस, १९७८, जॉन बेलुशी. आधी तो बघा, बाकी सगळी उष्टी पत्रावळ.

ढेकूण : स्टिफलर कोणता? मूळचा स्टीव्ह की त्याच्या भावाबंदांपैकी कोणी? आणि मूळ हिरोचे, म्हणजे जिमचे बाबा होते का?

रात्रपाळी : स्टिफलर म्हणजे स्टिफलर, दुसरा कोण असणार. बाबा होते.

ढेकूण : बाबांवरून काही कळत नाही, २०२० चा गर्ल्स रूल्स सोडला तर बाबांचं काम करणारा यूजीन लेव्ही प्रत्येकात आहे. डीव्हीडीवाल्या पार्टांत मूळ स्टिफलर नाहीच, धाकटा भाऊ नाहीतर चुलत भाऊ आणून आडनावावर धंदा केलाय. तुमचा बीटा हाऊस, २००७, सहावा.

बोकोबा : सहावा कुठून? थेटरात चारच आले, १९९९, २००१, २००३ आणि २०१२ चा रीयुनियन. सरळ डीव्हीडीवर आलेलं मोजायचं नसतं.

ढेकूण : तुम्ही नका मोजू. बँड कॅम्प चौथा, नेकेड माईल पाचवा, बीटा हाऊस सहावा.

बोकोबा : मग गल्लीतल्या टेनिसबॉलच्या मॅचपण वनडेत धरा.

ओहायोकर : एक दुरुस्ती, ते हाऊस म्हणजे हॉस्टेल नव्हे. फ्रॅटर्निटी असते, नावं ग्रीक अक्षरांची, मेंबरं निवडून घेतात. मी एमएसला होतो तेव्हा अशाच एका घरासमोर राहायचो, रविवारी सकाळी त्यांच्या हिरवळीवर लाल प्लास्टिकच्या ग्लासांचा खच, आणि एकजण त्यातच झोपलेला, एका पायात बूट.

ढेकूण : सगळे कपडे काढून पळतात तो सीन आठवतो का? असेल तर नेकेड माईल, बीटा हाऊस नाही.

रात्रपाळी : हो पळतात पण! थांबा, त्या रात्री लागोपाठ दोन लावले होते बहुतेक.

ढेकूण : हे आधी सांगायला काय झालं होतं? दोन्हीत एरिक स्टिफलरच हिरो, म्हणून तुमच्या डोक्यात एकच पिक्चर झालाय. आधी २००६ चा लावा, मग २००७ चा.

रात्रपाळी : जमलं, धन्स. एकच राहिलं, दोघं बायकापोरांना घेऊन येतायत. आवाज बंद ठेवला तर चालेल ना?

जुनी_कॅसेट : आवाजाचा काय संबंध? पिक्चर बघितलाय ना तुम्ही?