चेकी कार्योला हॉलिवूडने वाया घालवलं का?

निशाचर:
'द मिसिंग'चा पहिला सीझन (२०१४) दोन रात्रीत संपवला. सुट्टीला फ्रान्समध्ये आलेल्या ब्रिटिश जोडप्याचा पाच वर्षांचा मुलगा हरवतो आणि शोधणारा लंगडत चालणारा फ्रेंच पोलीस ज्युलियन बाप्तिस्त, म्हणजे फ्रेंच नट चेकी कार्यो. सारखं वाटत होतं की याला कुठेतरी बघितलंय, आणि मग ट्यूब पेटली, अरे हा तर 'बॅड बॉइज'मधला फुशे, मायामी पोलिसांच्या ताब्यातलं हेरॉइन पळवणारा! त्याच वर्षी, १९९५ ला, 'गोल्डनआय'मध्ये रशियाचा संरक्षणमंत्री, बाँडची चौकशी नीट सुरू पण होत नाही तोवर ठार. एवढा दमदार नट आणि काम काय, तर डोळे वटार, गोळ्या घाल, मर. बाप्तिस्त मिळेपर्यंत साठी उलटली (जन्म १९५३). वाया घालवला राव.

तिकीटखिडकी:
हॉलिवूडच्या नावावर बिल फाडणं सोपंय. १९८२ चा 'ला बालांस' पॅरिसचाच ना? त्यातही हा गुंडच. 'किस ऑफ द ड्रॅगन' (२००१) मधला तो हलकट इन्स्पेक्टर, ज्याला जेट ली शेवटी मानेत सुई खुपसून मारतो, तोही पिक्चर फ्रेंच ल्यूक बेसाँने काढलेला, शूटिंग पॅरिसात. घरच्यांनीच तेच केलं तर बाहेरच्यांना का बोल लावायचा?

निशाचर:
शेवट सांगितल्याबद्दल धन्यवाद 🙄

कोपऱ्यातलीखुर्ची:
तुम्ही दोघंही व्हिलन व्हिलन करताय आणि 'निकिता' (१९९०) कुणी काढतच नाहीये, कमाल आहे. त्यात तो बॉब, निकिताला मारेकरी बनवायचं ट्रेनिंग देणारा सरकारी माणूस. वाढदिवसाला तिला भारीतल्या रेस्टॉरंटमध्ये नेतो, गिफ्ट देतो, ती इतकी खुश, बॉक्स उघडते तर आत पिस्तूल, आणि हा शांतपणे सांगतो की मागच्या टेबलवरच्या माणसाला उडव आणि टॉयलेटच्या खिडकीतून निघ. ती जीव मुठीत धरून तिथे पोचते तर खिडकी विटांनी बुजवलेली. आता याला व्हिलन म्हणायचं की काय? त्याचा तिच्यावर जीव आहे आणि तोच तिला मरणाच्या दारात ढकलतोय, हे दोन्ही एकाच चेहऱ्यावर दिसतं. अमेरिकन रिमेकमध्ये (१९९३) गॅब्रिएल बर्नने बॉब केला, वाईट नाही, पण ही धास्ती नाही.

आणि त्याच्या आधीचा 'द बेअर' (१९८८). डायलॉग जवळजवळ नाहीतच. हा शिकारी, पाणी प्यायला थांबतो, बंदूक लांब, आणि समोर शिकाऱ्यांनीच जखमी केलेलं अस्वल. हा पठ्ठ्या भिंतीला चिकटून अक्षरशः गुडघ्यांत डोकं घालतो. अस्वल डरकाळ्या फोडतं आणि सोडून देतं. हिरोला असं घाबरून दाखवता येत नाही हो, इमेज आड येते. दुय्यम नटाला येतं, म्हणून मला 'वाया' हा शब्दच पटत नाही.

पॉपकॉर्नवाली:
मुद्दा उच्चारांचा पण आहे ना. जन्म इस्तंबूलचा, वाढला पॅरिसात, इंग्रजी फ्रेंच वळणाचं. कोलंबसच्या पिक्चरमध्ये स्पॅनिश कप्तान, बाँडमध्ये रशियन. त्यांना 'परदेशी माणूस' हवा असतो, कुठला ते कोण बघतंय.

निशाचर:
तेच तर म्हणतोय मी!! आणि खुर्ची, तुम्ही दिलेले दोन्ही पिक्चर फ्रेंच दिग्दर्शकांचे आहेत, म्हणजे माझाच मुद्दा झाला की.

तिकीटखिडकी:
मग बाप्तिस्त कुणी दिला? इंग्रजांनी, बीबीसीवर. तुझा हिशोब जुळत नाहीये भावा. शिवाय तोच बाप्तिस्त २०१९ मध्ये मेन हिरो करून त्याच्या नावाने वेगळी सिरीज काढली, अ‍ॅमस्टरडॅमवाली, तेव्हा मला तरी जरा पांचट वाटली. त्यात सोबतचा नट टॉम हॉलंडरच भाव खाऊन गेला. फोडणी वरणावर छान लागते, वाटीभर फोडणी कोण पिणार.

कोपऱ्यातलीखुर्ची:
फोडणीचं उदाहरण झकास पण साफ चूक. दुसरा सीझन बघा, २०२१, हंगेरी. मुलगी गेल्यावर खचलेला, दाढी वाढलेला, दारूत बुडालेला बाप्तिस्त, समोर फियोना शॉ सारखी कसलेली नटी, आणि तरी नजर याच्यावरून हलत नाही. सहा भाग अ‍ॅमस्टरडॅमचे ढकला हवं तर, पण हे सहा बघाच.

निशाचर:
मुलगी जाते????

कोपऱ्यातलीखुर्ची:
अरे देवा. तू अजून तिथपर्यंत आलाच नाहीस का.

तिकीटखिडकी:
आणि मला ओरडत होता सुईवरून 😂