चिठ्ठी शेतकऱ्याची नको, गावाची टाका

ठिबक सिंचनाच्या प्रशिक्षणाचा उपयोग होतो का, हे तपासायला सुचवलंय की सांगलीच्या जत तालुक्यातल्या एका गावात ४० शेतकरी घ्यायचे, चिठ्ठ्या टाकून २० जणांना ठिबकचं प्रशिक्षण द्यायचं आणि उरलेल्यांशी तुलना करायची. घोटाळा इथेच होतो. बांधाला बांध, विहिरीत वाटा. शिकलेला माणूस आठवड्यात शेजाऱ्याला सांगणारच. मग दोन्ही गट सारखे दिसतात आणि चांगलं प्रशिक्षण उगाच निरुपयोगी ठरतं. केनियातल्या जंतनाशक गोळ्यांच्या प्रयोगात मिगेल आणि क्रेमर यांनी म्हणूनच एकेक मूल न निवडता ७५ शाळा गटांत वाटल्या.

म्हणून चिठ्ठी गावाची टाका: चिठ्ठीत आलेल्या गावांत प्रशिक्षण, बाकीच्या गावांत नाही. पण असं केलं की नमुना, म्हणजे पाहणीत घ्यायच्या शेतकऱ्यांची संख्या, वाढतो. पाव प्रमाण विचलनाइतका (प्रमाण विचलन म्हणजे आकडे सरासरीपासून किती विखुरलेत त्याचं माप) फरक ८० टक्के खात्रीने पकडायचा, तर सुटे शेतकरी साधारण ५१२ लागतात. एका गावातल्यांचा आपसातला सहसंबंध, म्हणजे ते एकमेकांसारखे किती याचं माप, ०.१ धरून गावागणिक २० जण घेतले, तर हा आकडा १ + १९ × ०.१, म्हणजे २.९ ने गुणायचा: सुमारे १,४८५ शेतकरी, ७५ गावं. गावात १० च घेतले तर ९७३ पुरतात, गावं मात्र ९८. माझं मत या दुसऱ्या पर्यायाला, पण प्रवासखर्च बघून ठरवा.

जत-आटपाडी एका थरात, म्हणजे सारख्या गावांच्या गटात, कृष्णाकाठचे वाळवा-पलूस दुसऱ्या थरात ठेवून प्रत्येक थरात वेगळी चिठ्ठी काढा. पायाभूत पाहणी, म्हणजे सुरुवातीची स्थिती टिपणारी, चिठ्ठीच्या आधीच उरका. शेवटची पाहणी ऊसतोडीच्या हंगामात नको. दारं बंद मिळतात, आणि अशी न भेटलेल्यांची गळती दोन्ही गटांत सारखी नसली की तुलनाच बिघडते. प्रशिक्षणाला न आलेल्यांना वगळू नका, ते आपल्या मूळ गटातच मोजायचे.