हेवी मेटलवरचा माहितीपट कोणी काढावा: चाहत्याने की परक्याने?

धागाकर्ता: सीताबर्डीकर

आमच्या चित्रपटमंडळाने गेले काही रविवार नागपूरच्या रामदासपेठेत हेवी मेटल, म्हणजे जड गिटार आणि दणदणीत ड्रमच्या रॉक संगीतावरचे माहितीपट दाखवले. त्यानंतर चहाच्या टपरीवर रंगलेला वाद तिथे मिटला नाही, म्हणून तो येथे मांडतो. माझे मत असे की, या संगीतावरचे उत्तम चित्रपट त्याच्या भक्तांनी नव्हे, तर त्याच्याशी फारसे देणेघेणे नसलेल्या माणसांनी काढले आहेत. भक्ताच्या हाती कॅमेरा आला की तो वकीलपत्र घेतो.

जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनॉफ्स्की यांचा ‘सम काइंड ऑफ मॉन्स्टर’ (२००४) पाहा. मेटालिकासारखा बलाढ्य बँड महिन्याला चाळीस हजार डॉलर देऊन एका समुपदेशकाला खोलीत बसवतो आणि तरीही त्यातली माणसे एकमेकांशी धड बोलू शकत नाहीत. ड्रमवादक लार्स उलरिकचे लांब दाढीवाले वडील नवे ध्वनिमुद्रण शांतपणे ऐकतात आणि मुलाच्या तोंडावर सांगतात की, मी हे पुसून टाकले असते. हे दृश्य एखाद्या चाहत्याने संकलनात ठेवले असते का, याबद्दल मला दाट शंका आहे.

दुसरे उदाहरण ‘फुल मेटल व्हिलेज’ (२००६) या चित्रपटाचे. वाकेन या उत्तर जर्मनीतल्या लहानशा गावात दरवर्षी संगीतोत्सवासाठी हजारो मेटलप्रेमी जमतात. मूळच्या कोरियाच्या असलेल्या दिग्दर्शिका चो सुंग-ह्युंग तिथे गेल्या आणि त्यांनी बराचसा चित्रपट दूधदुभत्याचा हिशेब सांगणारे शेतकरी आणि म्हाताऱ्या आज्या यांच्यावर खर्च केला. उत्सव येतो तो जवळजवळ शेवटी, आणि तोवर आपण त्याच्याकडे त्या गावकऱ्यांच्याच नजरेने पाहू लागलेलो असतो.

प्रतिसाद: काळा_टीशर्ट

काका, विधानाशी साफ असहमत आहे. (मे महिन्यात पंचेचाळीस अंशांच्या उन्हात नागपुरात काळा टी-शर्ट घालून फिरणाऱ्या माणसाला वकील म्हटले तर चालेल, कारण तोही उन्हाळाभर काळाच कोट घालतो.)

परक्या नजरेने आम्हाला काय दिले, ते आपण सोयीस्करपणे वगळले आहे. पेनेलोपी स्फीरिस यांच्या १९८८ सालच्या ‘द मेटल इयर्स’ या माहितीपटात ‘ब्लॅक सॅबथ’ या बँडचा माजी गायक ऑझी ऑस्बोर्न न्याहारी करत असताना त्याचा हात थरथरतो आणि संत्र्याचा रस पेल्याबाहेर सांडतो. हा क्षण वर्षानुवर्षे त्याच्या व्यसनाचा पुरावा म्हणून सांगितला गेला, आणि पुढे खुद्द दिग्दर्शिकेनेच मान्य केले की रस सांडण्याचा तो भाग बनावट होता. परक्याला आमच्यात एकतर सैतान दिसतो, नाहीतर विदूषक.

त्याचे परिणामही किरकोळ नाहीत. १९९३ साली अमेरिकेतल्या वेस्ट मेम्फिस गावात आठ वर्षांच्या तीन मुलांचा खून झाला आणि तीन किशोरवयीन मुलांना दोषी ठरवण्यात आले. त्यांच्यातल्या एकाचे काळे कपडे आणि त्याचे मेटालिका ऐकणे हेसुद्धा न्यायालयात त्याच्याविरुद्ध वापरले गेले. त्याला मृत्युदंड झाला होता. तिघेही सुटले ते २०११ साली. हे प्रकरण जगासमोर आणले ते आपल्याच बर्लिंजर-सिनॉफ्स्की यांनी, हे मला मान्य आहे. पण ती मुले आत गेली तीसुद्धा परक्या नजरेमुळेच.

आता आतल्या माणसाचे काम पाहा. ‘अ‍ॅन्व्हिल’ (२००८) काढणारा साशा गरवासी किशोरवयात त्याच बँडबरोबर दौऱ्यावर सामान वाहायला जात असे. पन्नाशीतला गायक शाळांना जेवण पोहोचवायची नोकरी करतो आणि तरीही युरोपातल्या रिकाम्या सभागृहांत जीव तोडून गातो. या माणसाची कीव न करता आणि त्याला देव्हाऱ्यातही न बसवता दाखवणे चाहत्यालाच जमले.

प्रतिसाद: सीताबर्डीकर

‘अ‍ॅन्व्हिल’ची थोरवी मान्य. परंतु गरवासीचा त्या बँडशी मधली वीसेक वर्षे संपर्क नव्हता. परतला तेव्हा तो अर्धा परका होऊन परतला होता, आणि मला ते मधले अंतरच महत्त्वाचे वाटते.

अंतर नसले की काय होते, हे ‘अन्टिल द लाइट टेक्स अस’मध्ये (२००८) दिसते. नॉर्वेच्या ब्लॅक मेटलने (हा मेटलचा ख्रिस्ती धर्माला विरोध करणारा, भेसूर प्रकार) भारावलेले दोघे दिग्दर्शक तिकडे जाऊन राहिले आणि खुनाची शिक्षा भोगत असलेल्या वार्ग विकर्नेस या तिथल्या संगीतकाराला त्यांनी भरपूर बोलू दिले. त्याच्या वंशवादी विचारांबद्दल मात्र त्याला कधीच खिंडीत गाठले नाही. स्वतः मेटलचा चाहता असलेला दिग्दर्शक सॅम डन तरी काय वेगळे करतो? ‘अ हेडबँगर्स जर्नी’मध्ये (२००५) त्याने गॉर्गोरॉथ या नॉर्वेच्या ब्लॅक मेटल बँडचा गायक गाल याला विचारले की, तुमच्या संगीतामागची मुख्य विचारसरणी कोणती. गाल मंद प्रकाशात वाइनचा पेला धरून बराच वेळ गप्प बसतो आणि मग एकच शब्द उच्चारतो, ‘सैतान’. डनसाहेब भारावतात आणि पुढे सरकतात.

प्रतिसाद: तर्री_पोहे

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्या नागपुरात निघणारी काळी मारबत, म्हणजे पीडा घालवण्यासाठी मिरवला जाणारा बाईचा पुतळा, एखाद्या परदेशी पाहुण्याने दोन मिनिटे चित्रित केली, तर त्याला काय वाटेल? भेसूर बाई आणि तिच्यापुढे आरोळ्या ठोकणारा जमाव. ‘इडा पीडा घेऊन जा गे मारबत’ हे त्याला कोणी समजावून सांगितले नाही, तर तो आपल्याला भूतपूजकच ठरवील. तेव्हा माझे मत काळा_टीशर्ट यांच्या बाजूने.

प्रतिसाद: महालची वाचक

मला आपणा सर्वांचाच वाद अर्धवट वाटतो. दिग्दर्शक आतला की बाहेरचा, यावर एवढा काथ्याकूट झाला, पण या चित्रपटांत संगीत कुठे आहे, हे कोणीच विचारत नाही. दोन मुलाखती, मग दहा सेकंदांची गिटार, पुन्हा एक मुलाखत. ब्लॅक सॅबथचा गिटारवादक टोनी आयोमी याने बर्मिंगहॅमच्या पत्र्याच्या कारखान्यात दोन बोटांची टोके गमावली, म्हणून त्याने पुढे गिटारच्या तारा सैल केल्या आणि त्यातून तो जड, खर्जातला नाद घडत गेला. ही गोष्ट एकट्यानेच तासाभराचा चित्रपट पेलू शकेल. डन थोडा प्रयत्न करतो, तोही ‘सैतानाचे स्वरांतर’ म्हणून गाजलेल्या अंतरापुरता. ब्लॅक सॅबथच्या पहिल्या गाण्याच्या सुरुवातीला षड्ज, तार षड्ज आणि मग तीव्र मध्यम येतो. ज्या तीव्र मध्यमाने आपल्याकडे यमनची संध्याकाळ उजळते, तो तिकडे भयाचा स्वर कसा ठरतो, हे मला पाहायचे होते. चित्रपट तिथे क्षणभर थांबतो आणि पुन्हा माणसांच्या केसांकडे वळतो.

ऐकण्यालाच केंद्रस्थानी ठेवले ते ‘साउंड ऑफ मेटल’ने (२०१९), आणि तो माहितीपट नसून कथापट आहे. श्रवणशक्ती गमावणाऱ्या ड्रमवादकाच्या कानांत जे शिल्लक उरते, तेच तो आपल्याला ऐकवतो. त्याच्या ध्वनीला ऑस्कर मिळाले, ते रास्तच होते.

प्रतिसाद: काळा_टीशर्ट

ताई, संगीताचा मुद्दा शंभर टक्के मान्य. त्यावर वेगळा धागा काढावा, ही विनंती.

काका, तुम्ही मात्र गालचा प्रसंग अर्धाच सांगितला. डन पुढे सरकत नाही. सैतान म्हणजे तुमच्या लेखी काय, असे तो लगेच विचारतो आणि ‘स्वातंत्र्य’ असे उत्तर येते. नॉर्वेत ब्लॅक मेटलवाल्यांनी चर्च जाळली, त्याला आपला पूर्ण पाठिंबा असल्याचे गाल त्याच चित्रपटात बोलून दाखवतो. हे कापून टाकणे चाहत्याला सहज शक्य होते. उलट डनने जळालेल्या चर्चच्या पाद्र्यालाही बोलते केले आहे. वकील विरुद्ध पक्षाचा साक्षीदार स्वतःहून बोलावतो का?

प्रतिसाद: सीताबर्डीकर

बोलावतो, पण उलटतपासणी घेत नाही. पाद्र्याचे म्हणणे घेऊन डन पुन्हा गालकडे गेलेला मला कुठे दिसला नाही. आणि स्वातंत्र्य नेमके कोणाचे, हा तिसरा प्रश्न वाकेनच्या एखाद्या आजीने मात्र हमखास विचारला असता.