मदत हवी आहे: डीएलएल फाइल असूनही प्रोग्रामला सापडत नाही

नमस्कार मंडळी. ६४-बिट विंडोजवर हिशेबाचा एक जुना ३२-बिट प्रोग्राम टाकलाय. उघडला की 'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही' असा संदेश येतो (डीएलएल म्हणजे प्रोग्राम चालायला लागणारी सहायक फाइल). फाइल तर सिस्टिम३२ फोल्डरमध्ये समोर दिसतेय! शोधल्यावर कळलं, तिथे ६४-बिट फाइली असतात. माझ्या प्रोग्रामला लागणाऱ्या ३२-बिटवाल्या सिसवाव६४ फोल्डरमध्ये. नावांवरून उलटंच वाटतं. सिसवाव६४ मध्ये मात्र ही फाइल नाहीच.

कुठल्याही साइटवरून सुटी डीएलएल उतरवायला मन धजत नाही, आत काय भरलंय कोण सांगणार? मग अशा डीएलएल पुरवणाऱ्या मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबलचं एक्स८६ (म्हणजे ३२-बिट) पॅकेज टाकलं की भागेल का? की फाइल प्रोग्रामच्याच फोल्डरमध्ये ठेवावी? पण तशी ठेवली तर तिला सुरक्षेचे अपडेट मिळणार नाहीत ना? जाणकारांनी कृपया सांगा, वर्षभराचे हिशेब अडकलेत.