२१ किमीनंतर डोकं ठणकलं, ओकारी झाली, पाणी तर भरपूर प्यायलो होतो

फुटाळ्याचा_पळपुट्या: भाऊ लोक, काल पहाटे साडेचारला निघून सेमिनरी हिल्स, फुटाळा, अंबाझरी करत २१ किमी मारले, पावणेतीन तास लागले. नवतपा (मे अखेरचे कडक उन्हाचे नऊ दिवस) म्हणून आईनं घाबरवून ठेवलं होतं, तर निघायच्या आधीच लिटरभर पाणी ढोसलं आणि वाटेत तीन लिटर, सगळं साधंच. घरी आलो तर डोकं ठणकून राहिलं, मळमळ, बोटातली अंगठी निघेना. लघवी होत नव्हती म्हणून वाटलं पाणी कमी पडलं, आणखी दोन ग्लास घेतले तर ओकारीच झाली. वजन ७१.२ चं ७१.९. एवढं धावून वजन वाढते काहून? आता बरं आहे.

ओपीडीवाली_ताई: वजन वाढलं तिथंच उत्तर आहे. घाम जाऊन वजन थोडं उतरायला पाहिजे, तुझं वाढलं म्हणजे गेलं त्यापेक्षा जास्त आत आलं. रक्तात सोडियम (मिठातलं) लिटरमागे १३५ ते १४५ मिलीमोल लागतं, पाण्यानं ते पातळ झालं की मेंदूला सूज येते. लांब धावताना शरीर पाणी अडवून ठेवणारं हार्मोन सोडतं, म्हणून लघवी होत नाही, आणि माणसाला वाटते की आपण सुकलो. तपासणी केली नाही म्हणून छातीठोक सांगत नाही, पण लक्षणं तीच. गोंधळल्यासारखं झालं, फिट आली तर पाणी पाजू नका, कुठलंही साधं सलाईन लावू नका, सरळ मोठा दवाखाना, तिथं ३ टक्क्यांचं, म्हणजे जास्त मिठाचं सलाईन देतात. आणि धावायच्या आधी आयबुप्रोफेन (दुखण्याची गोळी) घेतोस का? घेत असशील तर बंद कर, तिनंही पाणी अडून राहते.

कांदा_खिशात: बाप्पा, एवढं काय, मीठ-लिंबू टाकून प्यायचं नं!

ओपीडीवाली_ताई: काका, स्पोर्ट्स ड्रिंकमध्ये सोडियम साधारण २०, ओआरएसमध्ये ७५, दोन्ही रक्तापेक्षा कमीच. चार लिटर ढोसलं तर तेही पातळच करणार.

सकाळचा_रनर: मी तर तहान लागली की चार घोट, बस. तासभर धावायच्या आधी आणि नंतर वजन करून बघ भाऊ, आपला घाम किती जातो ते कळते. पण पाणी सोडूही नको, नागपूर आहे हे.

फुटाळ्याचा_पळपुट्या: आयबुप्रोफेन घेतली होती ताई, गुडघ्यासाठी 😐 अंगठी आज सकाळी निघाली.