धाक आणि भरपाई

गुन्हा केलेल्या अल्पवयीन मुलाला नुसती शिक्षा देण्याऐवजी, ज्याचे नुकसान झाले त्याच्यासमोर बसवून भरपाई करायला लावावी, या पद्धतीवर ‘माफी मागून सुटला तर पोराला धाक कसा राहणार?’ असा आक्षेप घेतला जातो. तो मी गंभीरपणे घेतो; पण माफी हा या पद्धतीचा सर्वांत लहान भाग आहे. न्यूझीलंडमध्ये 1989 च्या कायद्याने सुरू झालेल्या कुटुंब-बैठकीत अल्पवयीन आरोपी, त्याच्या घरचे, पोलीस आणि ज्याचे नुकसान झाले ती व्यक्ती समोरासमोर बसून भरपाई कशी करायची ते ठरवतात. आपल्याकडेही 2015 च्या बाल न्याय अधिनियमानुसार, अल्पवयीन आरोपींची प्रकरणे पाहणाऱ्या बाल न्याय मंडळाला समुपदेशन, समाजसेवा किंवा देखरेखीखाली घरी सोडणे असे आदेश देता येतात.

आमच्या पलूस भागात एका सोळा वर्षांच्या मुलाने एका शेतकऱ्याच्या नदीकाठच्या पाण्याच्या मोटारीची केबल कापून नेली. पोलीस ठाण्यात तो नुसता गप्प होता. पण पाण्याच्या दोन पाळ्या चुकल्याने पिवळा पडलेला ऊस दाखवायला शेतकऱ्याने त्याला बांधावर नेले, तेव्हा तो मान खाली घालून रडला. केबलचे पैसे वडिलांनी हप्त्याने फेडले आणि नवी केबल ओढायला तो स्वतः आला.

औंध संस्थानाने 1939 मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवून प्रौढ कैद्यांना मोकळ्या वसाहतीत शेती करू दिली. त्याच मातीत मुलांविषयी आपण इतके साशंक का असावे? मात्र नुकसान सोसलेल्याची इच्छा नसेल, तर अशी बैठक त्याच्यावर कधीही लादू नये.