फौजदार निर्दोष सुटला. अपील करायचं की सोडून द्यायचं?

तापीकाठ
आमच्या तालुक्यातलं प्रकरण आहे. मोटारीच्या केबल चोरीच्या संशयावरून एका सालदाराच्या पोराला सकाळी वावरातून उचललं, अटक दाखवली रात्री. कबुलीसाठी फौजदाराने मारलं म्हणून भादंवि ३३० खाली खटला झाला. मागच्या आठवड्यात प्रथमवर्ग कोर्टाने त्याला निर्दोष सोडलं. दोन साक्षीदार फितूर, ठाण्यातला सीसीटीव्ही 'बंद', आणि जखमा पडूनही होऊ शकतात असं डॉक्टरांनी उलटतपासणीत मान्य केलं.
गाव म्हणतं, झालं गेलं तापीला मिळालं. मी म्हणतो, अपील झालंच पाहिजे. दवाखान्याचा कागद मी पाहिलाय. दोन्ही तळपाय सुजलेले. पडल्यावर गुडघा फुटतो, कोपर सोलतं. दोन्ही तळपाय सारखे सुजायला माणूस पडतो तरी कसा?

भरीतभाकर
कोर्टाने दोन्ही बाजू ऐकूनच सोडलं ना? तुम्ही कागद पाहिला, न्यायाधीशांनी साक्षीदार पाहिले. माझा मेहुणा खात्यात आहे. अट्टल चोरसुद्धा रिमांडला उभा राहिला की 'साहेब, मारलं' म्हणतो. आणि हंगामात केबल गेली की हेच गाव 'चोर पकडत का नाही' म्हणून ठाण्यावर मोर्चा नेतं! घटनेच्या २० व्या कलमात आहे, एका गुन्ह्यासाठी दोनदा खटला नाही.

ॲड. साक्रीकर
२०(२) इथे लागू नाही. खटला चालून शिक्षाही झाली असेल, तर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा नाही, असं ते कलम आहे. अपील म्हणजे त्याच खटल्याचा पुढचा टप्पा.
पण तापीकाठ, तुम्हीही हुरळून जाऊ नका. सुटलेल्या आरोपीच्या बाजूने निर्दोषपणाचं गृहीतक आणखी घट्ट होतं, हे सर्वोच्च न्यायालयाने चंद्रप्पा खटल्यात २००७ साली स्पष्ट सांगितलंय. पुराव्यातून दोन निष्कर्ष निघू शकत असतील तर वरचं कोर्ट सुटका फिरवत नाही. 'मला पटलं नाही' एवढ्यावर अपील टिकत नाही.

गिरणामाय
सरकार आपल्याच फौजदाराविरुद्ध अपीलात जाईल? नाव नको.

तापीकाठ
सरकारची वाट बघतंय कोण? २००९ अखेरपासून पीडिताला स्वतःला अपील करता येतं. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३७२, आता नागरिक सुरक्षा संहितेत ४१३. परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ च्या कोडगली निकालात ठरलंय. खालच्या कोर्टाचा निकाल असल्याने अपील सत्र न्यायालयात, म्हणजे जिल्ह्यातल्या जिल्ह्यात. औरंगाबादला खंडपीठात जायचं कामच नाही.

मांडेवाली
कोर्टना चकरामा घर बसी जाई भो! तुमचं कलम बरोबर असेल, पण सालदाराने रोज बुडवून तारखेला जायचं? उद्या त्याच ठाण्यात त्याला काम पडलं तर?

ॲड. साक्रीकर
उत्पन्नाचा दाखला घेऊन तालुका विधी सेवा समितीकडे जा, वकील फुकट मिळतो. दुसरी अडचण मात्र खरी आहे, तिच्यावर माझ्याकडे औषध नाही.
सीसीटीव्हीवर जोर द्या. सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर २०२० च्या परमवीरसिंग सैनी आदेशाप्रमाणे ठाण्यातलं चित्रण १८ महिने, निदान वर्षभर तरी ठेवायचं असतं. कॅमेरा बिघडला तर ठाणेप्रमुखाने लगेच कॅमेऱ्यांवर देखरेख ठेवणाऱ्या जिल्हा समितीला कळवायचं. 'बंद होता' म्हणतात, मग तसं कळवल्याचं पत्र कुठंय? ते कोर्टापुढे आलंच नसेल तर जादा पुराव्यासाठी अर्ज करता येतो, पूर्वीचं ३९१, आताचं ४३२.

भरीतभाकर
म्हणजे कॅमेऱ्याची वायर उंदराने कुरतडली तरी फौजदार दोषी? ठाण्यात माणसं किती, बंदोबस्त किती, ते एकदा बघून या. निलंबनात दिवस काढलेत त्याने. त्याची पोरं त्याच गावच्या शाळेत जातात.

तापीकाठ
कॅमेऱ्यावरून दोषी ठरवा असं कोणीच म्हणत नाहीये. कोठडीतल्या मारहाणीला बाहेरचा साक्षीदार मिळणं दुरापास्त, सहकारी तोंड उघडत नाहीत, म्हणून अशा खटल्यात पुराव्याचा अतिकाटेकोर आग्रह धरू नये, हे सर्वोच्च न्यायालय १९९५ मध्येच म्हणालंय, श्यामसुंदर त्रिवेदी निकालात. फितूर झालेले दोघंही त्याच ठाण्याच्या हद्दीत राहतात.

भरीतभाकर
हद्दीत तर सगळेच राहतात. म्हणून सगळेच घाबरलेले?

गिरणामाय
भाऊ, घाबरले नसतील तर आधीचा जबाब कोणाच्या सांगण्यावरून दिला होता?

ॲड. साक्रीकर
वाद नंतर. निकालाच्या नकलेसाठी अर्ज केला का? डॉक्टरांच्या साक्षीचीही नक्कल काढा. 'तळपाय' हा प्रश्न सरकारी वकिलाने फेरतपासणीत, म्हणजे उलटतपासणीनंतर पुन्हा, विचारला होता की नाही, ते आधी बघू.

तापीकाठ
अर्ज दिलाय. बुधवारी बोलावलंय.